घारीचा काठ

नजर घारीसारखी, म्हणून तिला सगळी वस्ती घारी म्हणायची. ओढ्यापलीकडून येणारा माणूस कोणाच्या घरचा, हे तरुणपणी ती त्याच्या पाठीवरच्या टोपलीवरून सांगायची. त्यांच्या जमातीत टोपलीवरचा पट्टा घराघराने ठरलेला असतो. कोणाचे दोन काळे एक लाल, कोणाचे दोन लाल एक काळा. पट्टा चुकला की टोपली दुसऱ्याच्या घरची झाली.

साठ वर्षं घारीने वस्तीभरच्या टोपल्या विणल्या. गेल्या वर्षी तिला लाल आणि काळं एकच दिसू लागलं, मग तेही दिसेना. तिने कोणाला पत्ता लागू दिला नाही. बोट कापलं तेव्हा मुलाने तिची सुरी काढून घेतली होती. डोळ्यांचं कळलं तर वेतही जाईल आणि आपण नुसतं भिंतीला टेकून बसायचं, याची तिला मरणापेक्षा जास्त धास्ती होती. रंगवलेला वेत ती अंदाजाने उचलायची. बऱ्याचदा निभावून जायचं.

एके सकाळी शेजारीण आली आणि तिने नवी टोपली दारातच आपटली. हा पट्टा समोरच्या घरचा आहे, म्हणाली, आणि त्यांच्याशी आमचं नऊ वर्षं बोलणं नाही. लोक विचारतायत, समेट कधी झाला म्हणून.

चुलीपाशी बसलेली सून हात पुसत बाहेर आली.

"मी विणली ती. चुकलं माझं."

म्हणजे हिला माहीत होतं तर! कधीपासून, कोण जाणे. सुटले बाई, असं घारीला क्षणभर वाटलंही. शेजारणीने सुनेला चांगलंच फैलावर घेतलं आणि टोपली उलटसुलट करून वर म्हणाली, काठ तेवढा बरा जमलाय हो तुला.

इथे मात्र घारीचं डोकं फिरलं.

"बरा? असा काठ हिला सात जन्मांत जमायचा नाही," ती म्हणाली. "टोपली माझी आहे. डोळे गेलेत माझे."

शेजारीण टोपली उचलून घेऊन गेली. आता संध्याकाळपर्यंत मुलाच्या कानावर जाणार, हे उघड होतं. घारी भिंतीला टेकून बसली.

सून आत जाऊन वेताचे भारे घेऊन आली. लाल तिने सासूच्या उजव्या हाताला ठेवले, काळे डाव्या, आणि तिचा हात धरून दोन्हींवर एकेकदा टेकवला.

"ह्यांची समजूत मी काढते," ती म्हणाली. "तुम्ही काठ शिकवा. सात जन्म थांबायला वेळ नाही मला."