भिमाबाईचं एक वाक्य

किशोरच्या सिनेमाची नामावली वाचायला बसलात तर हातातला चहा गार होईल. कथा किशोर, कॅमेरा किशोर, संकलन किशोर, वर नायकही तोच! लोकांच्या लग्नांचे व्हिडिओ काढून पोट भरायचं आणि सुट्टी मिळाली की पेठकडच्या आपल्या पाड्यावर जाऊन सिनेमा करायचा, असं या पठ्ठ्याचं चार वर्षं चाललेलं. नायकाची आई म्हणून त्यानं स्वतःच्या आईलाच, भिमाबाईला, उभं केलं होतं.

भिमाबाईला वाक्यं काही पाठ होत नसत. किशोरचा मित्र धनराज म्हणालाही, "मी बसतो आईंजवळ. हळूहळू घेतो पाठ करून." पण छे! किशोरला दुसऱ्याचा हात लागलेला खपेल तर ना. "तू वाट लावशील," म्हणाला. मग कॅमेऱ्यामागून तोच मोठ्यानं वाक्य सांगायचा आणि आई त्याच्यामागं म्हणायची. बिचारीला घाई भारी. पोराचं संपायच्या आत तिचं सुरू, की दोघांचे आवाज एकात एक. "असू दे, डबिंगला नीट करू," म्हणत हा लगेच कॅमेरा बंद करायचा.

डबिंग राहिलंच. भाद्रपदात भिमाबाई तापानं गेली.

तेरावं उरकल्यावर किशोरचा बाप झिपरू एसटीनं नाशिकला आला आणि पोराच्या पंचवटीतल्या खोलीत लॅपटॉपसमोर ताठ बसला. "पिक्चर राहू दे," म्हणाला. "तिचं एक वाक्य ऐकव. नुसतं तिचं. मग जातो मी."

"हे काय, आत्ता काढतो," किशोर म्हणाला, आणि दुपारपर्यंत शोधत राहिला. भात कांडताना, पाणी भरताना, रुसून बसताना आईचे ओठ हलत होते, पण कानावर पडत होता याचाच आवाज. "म्हण आई, म्हण!" कॉम्प्युटरवर दोन आवाज वेगळे करून पाहिले, तर आईचा आवाज पत्र्याच्या डब्यातून आल्यासारखा वाजला. झिपरूनं मान हलवली. "ही ती नाय."

किशोरला रडू फुटायचं तेवढं बाकी होतं. तेवढ्यात खळ्यावरचं एक चित्रण सापडलं. कॅमेरा चालूच ठेवून तो बॅटरी आणायला जरा लांब गेला होता. भिमाबाई एकटीच बसलेली. पदर सारखा करून तिनं तो गेला होता तिकडं पाहून हाक मारली.

"किशोर, तुला एक सांगायचं व्हतं..."

"आई, गप बस गं! कॅमेरा चालू आहे!" लांबून किशोर ओरडला. भिमाबाईनं चटकन तोंडावर हात ठेवला आणि तो येईपर्यंत तशीच बसून राहिली.

झिपरूचे डोळे भरून आले. "काय सांगत व्हती रं?"

"माहीत नाही, बाबा. मी नंतर विचारलंच नाही."

"परत लाव."

किशोरनं परत लावलं.