अर्धवट दिसणारा नवरा

फोटोवाल्या मावशींना कॉम्प्युटरवरचं ‘लेयर’ हे नाव कधी पटलंच नाही. त्या म्हणतात पदर. खालचा पदर, वरचा पदर. भाचीने शिकवलं तेव्हाच म्हणाल्या, “दोऱ्याला असतात ते काय? पदरच ना? मग ह्याचे काय वेगळे लाड?” तीस वर्षं नुसते पासपोर्टचे फोटो कापले आणि पन्नाशी उलटल्यावर माऊस हातात घेतला, तोही असा घट्ट, जसा काही निसटून पळणारच आहे.

त्या दिवशी भाची परीक्षेला गेलेली आणि नेमके ड्रायव्हरकाका आले. लांब पल्ल्याची बस चालवून नुकतेच रिटायर झालेले. त्यांनी खिशातून दोन जुने फोटो काढून टेबलावर ठेवले. बाग तीच, बाक तोच, एकात काकू, एकात काका. लग्नानंतर फिरायला गेले, कॅमेरा एक, तिसरं माणूस कोणी नाही, म्हणून एकमेकांचेच काढलेले.

“आमचा एकत्र फोटोच नाही हो,” काका म्हणाले. “लग्नातला रोल कोणीतरी उजेडात उघडला, सगळा वाया. उद्या चाळीस वर्षं होतील. आज संध्याकाळी सहाला तिला घेऊन येतो, तिला काही माहीत नाहीये. जमेल ना?”

“न जमायला काय झालं?” मावशी बोलून बसल्या आणि मग घाम फुटला, कारण एकटीने असं काम त्यांनी कधी केलंच नव्हतं.

काकूंचा पदर खाली, काकांचा वर. काकांना बाकाच्या तुकड्यासकट कापून घेताना एक कान उडाला, तो परत आणला. मग दोन्ही बाक जुळेनात. म्हणून वरचा पदर हलका केला, म्हणजे आरपार दिसतं, आणि फळीवर फळी बसवत गेल्या. बसली एकदाची! त्या खुशीतच प्रिंट दिली.

प्रिंटरमधून कागद आला आणि दारातून ती दोघं. कागद काकूंनीच उचलला. काकू ठसठशीत. काका मात्र धुक्यासारखे, पोटातून बाकाच्या फळ्या दिसतायत. पदर परत गडद करायचाच राहिला होता.

काकांचं तोंड एवढंसं झालं. काकू बघतायत, बघतायत, आणि एकदम खुदकन हसल्या.

“अगदी हुबेहूब आलाय. घरात असेच असायचे, आले म्हणेपर्यंत गेले.”

“अगं, ड्युटी होती.”

“मी कुठे नाही म्हणतेय?”

“चूक माझी हो,” मावशी घाईघाईने म्हणाल्या. “ही पट्टी उजवीकडे सरकवली की भरतात ते.”

“मी सरकवू?” काकू विचारेपर्यंत खुर्चीत बसल्यापण. “शर्ट आला... मिशी आली... बाई, केवढे केस होते.”

“पुरे की,” मागून काका.

“पुरे काय? शंभरपर्यंत आहे.”

शंभर झाले. बाकावर दोघं, खांद्याला खांदा लावून, चाळीस वर्षांपूर्वीचे. काकूंनी स्क्रीनवर बोट टेकवलं, आणि काकांनी मागून त्यांच्या खांद्यावर हात ठेवला.

“हा मोठा छापा,” काकू म्हणाल्या. “आणि तो पहिलापण द्या, फाडू नका.”

“तो कशाला आता?” काकांनी विचारलं.

“भांडताना दाखवायला.”

काका इतके हसले की त्यांना ठसका लागला. मावशींनी दोन्ही फोटो एकाच पाकिटात घातले.