टोकाच्या वळणावरचे गणपतराव

मोटरसायकलच्या शर्यतीत जिंकणाऱ्याला हार मिळतो, हरणाऱ्याला निदान हळहळ तरी. झेंडेवाल्याला काय मिळतं? धूळ! गणपतरावांनी ती वर्षानुवर्षं खाल्ली. आठवडाभर गांधीबागेत कापडाच्या दुकानात तागे उलगडायचे आणि शर्यतीच्या रविवारी शहराबाहेरच्या जुन्या धावपट्टीवर, पार टोकाच्या वळणावर, दोन झेंडे घेऊन उभं राहायचं. पिवळा म्हणजे जपून, लाल म्हणजे थांबा. गर्दी सगळी मंडपाकडे; इकडे बेशरमची झाडी आणि हे एकटे. बायको नाही, पोरं नाहीत. घरात एक धाकटा भाऊ, रुपराव. तो शर्यतीत गाडी पळवायचा, म्हणून तर हे उन्हात उभे!

सदुसष्ट साली रुपराव सगळ्यांच्या पुढे होता. शेवटची फेरी. आणि गणपतरावांनी लाल झेंडा दाखवला. झालं, शर्यत बंद! पंच धापा टाकत आले.

"काहून थांबवली गा?"

"बाई आली होती पट्टीवर. डोक्यावर गवताचा भारा होता."

शोधलं तर बाई नाही, भारा नाही, गवताची काडी नाही. शर्यत पुन्हा लावली, तिच्यात रुपरावची गाडी बंद पडली. मग काय विचारता! सख्खा भाऊच भावावर जळतो, असं जो तो बोलायला लागला. पुढच्या वर्षी झेंडा दुसऱ्याच्या हातात गेला.

रुपराव मात्र एक शब्द बोलला नाही. त्या दिवशी नाही, नंतरही नाही. गाडी विकली, बिऱ्हाड वेगळं केलं, रस्त्यात भाऊ दिसला की सायकल वळवायचा. झेंडा गेल्याचं गणपतरावांना काही नव्हतं हो. पण घरी दोन ताटं घ्यायची हाताची सवय मोडेना, तिला काय करावं? हळूहळू त्यांना स्वतःचाच भरवसा वाटेनासा झाला. खरंच होती का बाई? की आपल्याच मनात पाप होतं?

ऐंशी सालच्या दिवाळीत गोपिका नावाची एक बाई दुकानात लुगडं घ्यायला आली. गणपतरावांनी लाल लुगडं झटकून उलगडलं, तशी ती दचकून मागे सरली.

"अवं माय! धावपट्टीवरचे भाऊ ना तुमी? असंच लाल फडकावलं होतं! सरकारी गवत चोरून कापून राहिली होती मी. मले वाटलं, मलेच पकडून राहिले. भाऱ्यासकट झाडीत पळाली ना!"

गणपतरावांना हसावं की रडावं कळेना. "बाई, पाया पडतो तुमच्या. एवढं माझ्या भावाले सांगा."

लुगडं तिथंच टाकून ते तिला घेऊन थेट रुपरावच्या दारात गेले. गोपिकानं सगळं सांगितलं. आता तरी हा म्हणेल, दादा, चुकलं माझं, म्हणून गणपतराव त्याच्या तोंडाकडे बघत राहिले.

रुपराव खाली बघून म्हणाला, "मले मालूम आहे. तुह्या झेंड्याच्या आधी दिसली होती मले."

"मग?"

"मी गाडी हळू नव्हती केली, दादा. तुह्याशी कोणत्या तोंडानं बोलू?"

इतकी वर्षं आपण आपल्याच डोळ्यांवर संशय घेतला, आणि ह्याला ठाऊक होतं! गणपतरावांना असा राग आला की विचारू नका. पण तोंडातून निघालं ते एवढंच.

"जेवला का गा?"