नटीच्या लग्नाचा फोटो

ताडकळसच्या स्टँडजवळ सलून असलेल्या मामांना तमिळ पिच्चरचं लय वेड. हिंदीत डब केलेला पिच्चर मोबाइलवर चालू असतो आणि लाडक्या नटीचं प्रेम मोडणाऱ्या बापाला मामा गिऱ्हाइकासमोर शिव्या घालतात. स्वतःच्या मुलीनं मनासारखं लग्न केलं, तेव्हा मात्र त्यांनी तिच्याशी अबोला धरला. मी घराण्यातला पहिला बी.ए., त्यामुळं हे त्यांना तोंडावर सांगितलं. मामा म्हणाले, "पिच्चरचं येगळं असतंय, सर."

परवा माझ्या गालाला साबण लावून झाला, तेवढ्यात मोबाइलवर त्या नटीच्या खऱ्या लग्नाचा फोटो आला. नवरा तिनंच निवडलेला, साधा, टक्कल पडलेला. तिकडच्या रिवाजाप्रमाणं ती बापाच्या मांडीवर बसली होती.

मामा फोटोकडं बघतच राहिले. "बाप तर हसायलाय की वो!"

मला तसंच साबणात सोडून त्यांनी मुलीला फोन लावला, नेहमीसारखा स्पीकरवर. "जावयाला घेऊन ये. त्याची दाढी मीच करतो."

पलीकडून मुलगी म्हणाली, "येतो आम्ही, बाबा. पण आधी वस्तरा आईजवळ द्या."