तुळशीभोवतीचा पातेरा

"बायकोचा अंगठा घेऊन ये, मग देतो तांदूळ."

रेशन दुकानदार ओटीवरून असं बोलला. मी खाली खळ्यात, अंगणात उभा होतो. हातात कार्ड, काखेत पिशवी. माझी बायको शेवंती जाऊन तेव्हा दोन महिनेही झाले नव्हते. त्याला ते माहीत होतं. अख्ख्या गावाला माहीत होतं.

रांगेतल्या बायका हसल्या. मोठ्यानं नाही, पदराआड. त्यातल्या एकीनं शेवंतीला शेवटची आंघोळ घातली होती. मी तिचा राग धरत नाही. दुकानदार हसला की त्या खळ्यात हसावं लागतं.

मी म्हटलं, "ती वारली वो. तुमाला ठाव हाय."

"वारली तर नाव कमी करून आण. कार्ड तिच्या नावावर हाय. तू कोण?"

मी कोण. तिचा नवरा. कार्डावर दुसरं नाव माझंच आहे. पण ते दुसरं. घरात जी बाई वयानं मोठी, तिचं नाव सरकार कार्डावर पहिलं लावतं. चांगलं करतं. फक्त बाई आधी गेली तर मागं राहिलेल्या म्हाताऱ्यानं कुणाच्या तोंडाकडं बघायचं, ते मला कुणी सांगितलं नव्हतं.

आमचं कार्ड पिवळं. गरिबातल्या गरिबाचं. आम्ही बौद्धवाडीतले. दुकान वरच्या वाडीत, पूर्वीच्या खोतांच्या घरात, त्यांच्या ओटीवर. खोती गेली. ओटी गेली नाही. आमच्या बाजूचे लोक अजून खळ्यातच उभे राहतात. पायरी चढू नका असं कुणी बोलत नाही. पायरी कुणी चढत नाही.

मी त्या दुकानात फार वर्षांनी गेलो होतो. माझा जन्म चिरेखाणीत गेला. जांभ्याचे चिरे काढायचे, उचलायचे, ट्रकात भरायचे. त्या दगडानं बोटांवरच्या रेषा खाल्ल्या. रेशनला अंगठ्याचं मशीन आलं तेव्हा शेवंती मला एकदा तिथं घेऊन गेली होती. माझा अंगठा लागलाच नाही. तिचा पहिल्या झटक्यात लागला. परत येताना वाटेभर हसत होती. "तुमचा अंगठा सरकारला पटत नाय वो. माझाच पटलान." तेव्हापासून रेशनला तीच जायची. उजाडताना निघायची आणि ऊन चढल्यावर यायची. एवढा उशीर का, असं मी विचारलं की म्हणायची, "रांग होती."

मी पुढं कधी विचारलं नाही. रांग असेल, असं मला वाटायचं.

त्या दिवशी मी दुकानदाराला म्हटलं, माझा अंगठा घेऊन बघा, मीपण कार्डात आहे. त्यानं मशीन ओटीच्या कडेला सरकवलं. हातात दिलं नाही. मी बोट टेकवलं. नाही लागलं. शर्टाला पुसून परत टेकवलं. नाही.

"बोट लावतोस काय चिरा लावतोस?" तो म्हणाला.

परत हशा. मग त्यानं फडकं घेऊन मशीन पुसलं. माझ्या आधी त्याच्या भावकीतली बाई अंगठा लावून गेली होती. तेव्हा त्यानं पुसलेलं मी बघितलं नव्हतं.

"बस तिकडं. रांग संपली की बघतो."

मी गोठ्याच्या कडेला बसलो. घरी डब्यात मूठभर तांदूळ होते. माझ्या हाताला अजून दोघांची पेज शिजवायची सवय आहे, म्हणून तेवढेही लवकर संपले. सकाळी दोघांची शिजते, संध्याकाळी उरलेली मी खातो. ती गेल्यावर घरात बोलायला कुणी नाही. मुलगी लग्न होऊन चिपळूणकडं गेली. फोन करते. "बाबा, जेवलात?" मी "हो" म्हणतो. रेशन अडलंय हे तिला सांगितलं नव्हतं. सांगितलं असतं तर तिनं सासूच्या तोंडाकडं बघितलं असतं.

रांग संपली. मी उठलो. दुकानदार वजनाचा काटा झाकत होता. माझ्याकडं न बघता म्हणाला, "बघतो तुझं काय ते. तंवर खळं झाडून घे. आज कुणी झाडलं नाय."

मी पिशवी पुढं केली.

"आता काय झालं? शेवंती कधी विचारीत नव्हती. आली की आधी खळं झाडायची, मग अंगठा लावायची. खराटा गोठ्याच्या कुडाला हाय बघ."

मला एकदम काही कळलं नाही. मग कळलं. उजाडताना का निघायची ते कळलं. ऊन चढल्यावर का यायची तेही कळलं.

मी कुडाकडं गेलो. माडाच्या हिरांचा, काड्यांचा खराटा होता. मुठीला चिंधी गुंडाळलेली. मिरचीच्या रंगाची. ती साडी मी ओळखली. नातीच्या नामकरणाला मीच घेतली होती. फाटली तेव्हा ती म्हणाली होती, पोतेऱ्याला होईल. हिरांनी हात कापतात. ज्याला परत परत झाडायचं नाही तो मुठीला चिंधी बांधत नाही. ही चिंधी घामानं काळी पडली होती आणि तिच्यावर बोटांचे खड्डे पडले होते. माझी बोटं त्यात बसली नाहीत. तिची लहान होती.

मी झाडलं. खोटं कशाला सांगू? पोटात भूक होती आणि वयानं अंगातली रग कमी झाली होती. फणस, आंबा, सगळ्यांचा पातेरा खळ्यात पडला होता. वाळकी पानं पुढं ढकलत मी अर्ध्या खळ्यापर्यंत आलो. तेवढ्यात दुकानदाराची बायको दारात आली. तिच्या बोलण्यात राग नव्हता. चांगल्या आवाजात म्हणाली, "तुळशीकडे नको हो. तिकडचं मी झाडते."

मी तुळशीकडं बघितलं.

खळ्याच्या मधोमध वृंदावन. त्याच्या भोवती हात-दीड हात जागा कुणी झाडत नव्हतं. पानं साचली होती. खालची कुजलेली, वरची ताजी. ती बाईही तिथलं रोज झाडत नसावी. त्या पातेऱ्याची कड मात्र सरळ होती. गोल. खराट्यानं आखल्यासारखी. मातीवर तिथं घासून घासून एक रेघ पडली होती.

बाई म्हणाली, "शेवंतीला सांगावं लागत नसे."

ती रेघ तिची होती. माझ्या बायकोनं दर महिन्याला त्या झाडाभोवती वाकून आपला विटाळ मोजून घेतला होता. एकही पान कमी नाही, एकही जास्त नाही. आणि घरी येऊन मला म्हणाली होती, रांग होती.

आम्ही दीक्षा घेतलेल्यांची पोरं. माझ्या बापानं देव्हारा नदीत सोडला. लग्नाला आम्ही दोघं पांढऱ्या कपड्यात उभे राहिलो होतो. जयंतीला मी वाडीत झेंडा लावतो, जोरात घोषणा देतो. आणि माझ्या चुलीवरचा भात कुठून येत होता?

मी विचारलं, "वयनी, शेवंती किती वर्षं झाडत होती?"

"कोण मोजतंय. तिची कधी तक्रार नव्हती," असं बोलून ती आत गेली.

मी खाली बसलो. खराट्याची चिंधी सोडली. गाठ घट्ट होती, दातानं सोडावी लागली. चिंधी खिशात घातली. खराट्याची बांधणी त्या चिंधीवरच होती. ती सुटली तसे हिर खळ्यात पसरले. ते मी उचलले नाहीत.

दुकानदार ओटीवरून ओरडला, "अर्धं राहिलंय ना रे!"

"राहू दे."

"मग तांदूळपण राहतील."

"राहू देत."

रिकामी पिशवी घेऊन घरी आलो. शेजारच्या शालूवहिनी अंगणात सुकट निवडत होत्या. शेवंतीची जिवाभावाची. मी उभ्या उभ्या विचारलं, "वयनी, तुमाला ठाव होतं?"

त्यांनी मान वर केली नाही. "सगळ्याच झाडतात वो भावजी. पाळ्या लावून घेतल्यात आमी. झाडलं की मशीन चालतंय. नाय झाडलं की रेंज नाय."

"मला का नाय सांगितलंत?"

"तिनंच नको म्हटलान. बोल्ली, ते जातील भांडायला, दोन शब्द बोलतील नि घरी येतील. कार्ड बंद पडल्यावर चूल मला पेटवायचीय."

ती मला ओळखून होती.

"तांदूळ देऊ काय थोडे?" शालूवहिनींनी विचारलं. घेतले. भुकेशी मी भांडत नव्हतो.

दुसऱ्या दिवशी एसटीनं रत्नागिरीला तहसील कचेरीत गेलो. पुरवठ्याचं टेबल विचारत विचारत सापडलं. तिथं एक तरुण बाई होती. मी शेवंतीच्या मृत्यूचा दाखला पुढं केला. तो कागद मी पहिल्यांदाच दुसऱ्याच्या हातात देत होतो. बाईनं तो चहाच्या कपाखाली ठेवला, वाऱ्यानं उडू नये म्हणून.

"म्हणजे आता तुम्ही एकटेच? एकट्याला पिवळं कार्ड कशाला आजोबा? मुलगी आहे ना?"

"मुलीच्या सासरी बसून खाऊ?"

"तसं नाही. पण एकटा माणूस खाऊन खाऊन किती खाणार?"

"तुमी एकट्या किती खाता?"

बाजूचा कारकून खोकला. बाईनं कप उचलला, दाखला घेतला आणि कामाला लागली. काम तिला येत होतं, ते कबूल करतो. नाव कमी करायचं, माझं पहिलं करायचं, उत्पन्नाचा दाखला तलाठ्याकडून आणायचा, सगळं नीट सांगितलं. मग विचारलं, "धान्य का नाही मिळालं? मयताचं नाव असलं तरी तुम्हाला मिळायला हवं होतं."

"अंगठा लागत नाय."

"मग डोळा लावायचा. डोळ्याचं यंत्र आहे ना त्यांच्याकडे. दिलंय सगळ्यांना."

डोळा. ते मला कुणी सांगितलं नव्हतं. शेवंतीला तरी कुणी सांगितलं असतं?

"तक्रार असेल तर लिहून द्या," ती म्हणाली.

मी तिसरी शिकलोय. बाहेर बाकावर बसून लिहिलं. कागद मांडीवर, पेन मागून घेतलेलं. दोन कागद फुकट गेले. तिसऱ्यावर लिहिलं. डोळ्याचं मशीन असून मला धान्य दिलं नाही. त्याच्या खाली लिहिलं. माझी बायको शेवंती हिच्याकडून धान्यासाठी खळं झाडून घेत होते. तुळस सोडून.

बाईनं वाचलं. "तुळस सोडून म्हणजे?"

सांगितलं.

ती आवाज खाली आणून म्हणाली, "बाबा, ही खालची ओळ काढा. वरची पुरे. आठवड्यात तुमचं धान्य सुरू होईल. ही ठेवलीत तर चौकशी लागेल, साक्षीदार लागतील. ज्यांनी झाडलं त्या तर वारल्या. वाडीतल्या बायका येऊन सांगतील?"

"नाय सांगणार."

"मग कोण सांगणार?"

"मी. मी झाडलंय. अर्धं."

ते शब्द तोंडातून काढायला जड गेले. आजूबाजूला माणसं होती, ऐकत होती. बाईनं कागदावर शिक्का मारला आणि पोच दिली.

पुढच्या महिन्यात कार्डावर माझं नाव पहिलं आलं. खाली कुणी नाही. दुकानात गेलो. या वेळी डोळ्याचं यंत्र ओटीवर तयार होतं. डोळा लगेच लागला. तांदूळ मोजून पिशवीत पडले. मग दुकानदार पायऱ्या उतरून खाली आला. माझ्यासाठी तो कधी खाली आला नव्हता.

"म्हातारबा, ती ओळ मागं घे. तांदूळ दर महिन्याला घरपोच पाठवतो. हवं तर गाडीनं. गेलेल्या बाईचं नाव कशाला कचेरीत फिरवायचं?"

मी खळ्याकडं बघितलं. स्वच्छ झाडलेलं. तुळशीभोवती पातेरा तसाच, गोल. रांगेत शालूवहिनी होत्या. हाताला माती होती. माझ्याकडं बघत नव्हत्या.

"आज कुणी झाडलं?" मी विचारलं.

तो पायऱ्या चढून परत ओटीवर गेला. मी पिशवी खांद्यावर घेतली आणि निघालो.

संध्याकाळी शालूवहिनी कुंपणापाशी आल्या. आत आल्या नाहीत. "भावजी, तुमचं तांदूळ सुटलं. आमचं बंद पडलं तर? तुमी एकटे. आमच्याकडं पोरं हायत." एवढं बोलून गेल्या. तेव्हापासून त्यांच्याकडून कालवण येत नाही. वाडीतला चहा बंद झाला. विहिरीवर मी गेलो की बोलणं थांबतं. मुलीला पण कुणीतरी कळवलं. ती फोनवर रडली. म्हणाली, "आईला आता तरी सोडा हो."

त्यांची भीती खोटी नाही. त्यांना मी भित्र्या म्हणणार नाही. मी खाणीत होतो आणि त्या झाडत होत्या, मला बोलायला तोंड नाही.

घरात दिवसभर कुणी बोलत नाही. शेवंती असती तर तीही बोलली असती, काढा ती ओळ, चूल मला पेटवायचीय. मी तिचं ऐकलं नसतं. या एका गोष्टीत ऐकलं नसतं.

चौकशीची नोटीस येईल. मी एकटा जाणार. वरच्या वाडीची माणसं खुर्च्यांवर असतील, त्यांच्यासमोर मी उभा राहून सांगणार की मी यांचं खळं झाडलंय, भुकेसाठी झाडलंय. माझ्या आधी माझ्या बायकोनं झाडलंय, आणि आज सकाळीसुद्धा कुणीतरी झाडलंय. हसायचं त्यांनी हसावं. तांदूळ बंद करायचे तर करावेत. मी परत कचेरीत जाईन, परत लिहीन. ती ओळ मी काढणार नाही.