'ज्याचा त्याचा भाव'चं शेवटचं पान

ही गोष्ट सांगणं मी वर्षानुवर्षं टाळलं. कुणी विषय काढला की दुसरंच काहीतरी बोलायला लागायचो, आणि वय झाल्यावर तर विसरल्याचं सोंगही छान जमायला लागलं. गेल्या महिन्यात एका सकाळी घोडेगावहून रशीदच्या मुलीचा, शबानाचा फोन आला. "काका, अब्बा गेले," एवढंच ती बोलली. फोन ठेवल्यावर माझ्या मनात पहिल्यांदा दुःख आलं नाही. आता हे फक्त आपल्यालाच माहीत आहे, असं आलं... त्या विचाराची लाज अजून गेलेली नाही. म्हणून लिहायला बसलो.

रशीदला या पुरवणीचे काही जुने वाचक ओळखत असतील. 'ज्याचा त्याचा भाव' ही त्याची एकुलती एक कादंबरी. बाकी जन्मभर तो घोडेगावच्या जनावरांच्या बाजारात हेडी होता, म्हणजे बैल, गाई, म्हशींची खरेदी-विक्री करणारा. वडील हेडी, आजोबाही हेडी. आम्ही नगरला कॉलेजात एका बाकावर बसलो, दोघांनीही मराठी घेतलं. मी देवळाली प्रवराच्या बाजूचा. माझे वडील सहकारी साखर कारखान्यात वजनकाट्यावर होते. माझी शाळा कारखान्याची, वसतिगृह कारखान्याचं, कॉलेजची फीसुद्धा कारखान्यानंच दिलेली. चार लोकांनी एकत्र येऊन उभं केलेलं चांगलंच असतं, यावर मी कधी विचार केला नव्हता, जसा कुणी भाकरीवर करत नाही. रशीदच्या घरात मात्र कुठल्याच संस्थेचं काही आलेलं नव्हतं. जे होतं ते आपल्या नजरेचं आणि आपल्या शब्दाचं.

कॉलेजातच त्याला जाडजूड विचारप्रधान इंग्रजी कादंबऱ्यांचं वेड लागलं. एकटा माणूस साऱ्या जगाला नाही म्हणतो, आपल्या बुद्धीवर आणि कष्टावर दुसऱ्या कुणाचा हक्क मानत नाही, सरकारनं बाजारातून हात काढून घ्यावा असं पानंच्या पानं ऐकवतो, अशा त्या कादंबऱ्या. कापडबाजाराजवळच्या रद्दीवाल्याकडून तो त्या आणायचा, शब्दकोश मांडीवर घेऊन वाचायचा आणि मग माझ्यावर तोफ डागायचा. पण आंधळा भक्त नव्हता. म्हणायचा, "यांचे नायक बोलतात लई भारी. पण एकाला आई न्हाई, एकाला भूक लागत न्हाई. भाषण करून करून घसा बसत न्हाई का रे यांचा?" त्याच्या मते हे सगळं कुणीतरी आपल्या मातीत, जेवणाऱ्या-खाणाऱ्या माणसात लिहायला हवं होतं. ते आपणच लिहावं, हे त्याच्या मनात आलं ते बाजारात.

जनावरांच्या बाजारातली एक रीत इथं सांगायला हवी. भाव तोंडानं बोलत नाहीत. दोघं हात पुढं करतात, वरून रुमाल टाकतात आणि रुमालाखाली बोटं दाबून आकडा सांगतात. भोवती माणसं उभी असतात, पण दोघांत काय चाललंय ते कुणाला कळत नाही. पटलं तर व्यवहार, नाही पटलं तर रुमाल झटकून दोघं दोन दिशांना. आणि एकदा ठरलं की, पुढं कुणी बुडालं तरी रुमालाखालचं बाहेर बोलायचं नाही. रशीदला यात सगळं तत्त्वज्ञान दिसलं. तो म्हणायचा, "दोन माणसं राजीखुशीनं ठरवतात. तिसरा त्यांच्या भल्यासाठी येतो, त्याला पहिलं विचारायचं, तुला बोलावलं कुणी?"

त्याच्या कादंबरीतला दौलत असाच एक हेडी. त्याला म्हातारी, कटकटी आई आहे आणि तो पोटभर जेवतो, हे रशीदनं मुद्दाम पहिल्याच प्रकरणात घातलं. गावात सोसायटी निघते. माणसं वाईट नाहीत, हेतू चांगला आहे. जनावरं सगळ्यांनी सोसायटीमार्फतच विकायची, भाव सोसायटी ठरवील, असा ठराव होतो. एकटा दौलत हात वर करत नाही. पुढची सगळी कादंबरी त्या न उचललेल्या हाताची आहे.

तो एकेक प्रकरण वाचून दाखवायचा आणि आम्ही भांडायचो. तुझा दौलत ज्या रस्त्यानं बैल नेतो तो रस्ता कुणी केला, असं मी विचारायचो. तो म्हणायचा, दौलतला विचारून केला का? पुढं कितीतरी वर्षांनी मी हिवरे बाजारचं उदाहरण दिलं. पाणी कसं वापरायचं ते अख्ख्या गावानं बसून ठरवलं आणि गाव हिरवं झालं, ते बघ म्हटलं. तो बघून आलेला होता. "झकास हाय गाव. मी न्हाई कुठं म्हणतो? ज्याचा हात वर झाला नसंल त्याच्याशी ते कसं वागले, तेवढं मला सांग. तिथं माणूस कळतो." पण त्यानं विजय झाल्यासारखं केलं नाही. उलट म्हणाला, "चल, चहा सोसायटीतर्फे."

कादंबरी पुरी झाली तेव्हा मी नगरला कॉलेजात शिकवायला लागलो होतो. प्रकाशक मीच शोधला. त्याला पुस्तक आवडलं, शेवट आवडला नाही. ग्रंथालयं हे घेणार नाहीत, संस्थांचा जिल्हा आहे, जरा मऊ करा, असं त्याचं म्हणणं. रशीदनं नाही म्हटलं. त्यातच त्याच्या आईला पुण्याला दवाखान्यात न्यावं लागलं आणि प्रुफं बघायचं काम माझ्याकडं आलं. निघताना त्यानं मला बाजारात बोलावलं. हसत माझा हात धरला, त्यावर खांद्यावरचा रुमाल टाकला आणि बोटं दाबली. "ऱ्हस्व-दीर्घ तुझं. बाकी एका शब्दाला हात लावायचा न्हाई. ठरलं?" मीही बोटं दाबली. ठरलं.

आणि मी शेवटचं पान बदललं.

प्रकाशकानं पुन्हा विचारलं हे खरं. रशीदला विचारायची ती वेळ नव्हती, हेही खरं. पण सारं एवढंच नव्हतं. तो शेवट मला सोसत नव्हता. तो खरा असेल तर माझ्या वडिलांचं आयुष्य, माझी शाळा, माझं वसतिगृह यांना काय म्हणायचं, ते मला कळत नव्हतं. शिवाय तो माझ्याहून चांगलं लिहायचा. हे वाक्य आज पहिल्यांदा लिहितो आहे.

माझ्या शेवटात गाव सोडून निघालेला दौलत ओढ्यापाशी थांबतो, मागं बघतो, परत येतो आणि आपल्या बैलाचं दावं सोसायटीच्या खुंट्याला बांधतो. पुस्तकाचं कौतुक झालं ते नेमकं याच पानासाठी. एका ग्रंथालयानं पुरस्कार दिला. रशीद समारंभाला आला नाही, लोक म्हणाले, शिष्ट आहे. त्याच्या वतीनं शाल-श्रीफळ मी घेतलं आणि 'अखेर व्यक्ती समाजाच्या कुशीत येते' असं भाषणही ठोकलं. शाल मी त्याच्या घरी पोचवली. त्यानं ती थंडीनं कुडकुडणाऱ्या एका वासरावर टाकली. उबदार आहे म्हणाला.

त्यानंतर तो एकदाच या विषयावर बोलला. सावेडीच्या माझ्या घरी आला, चहा प्याला आणि शांतपणे म्हणाला, "शेवट सफाईदार लिहिलास. माझ्यापेक्षा बरा." मी प्रकाशकाचं नाव पुढं करून भराभर काहीतरी सांगायला लागलो. त्यानं हात वर करून थांबवलं. "प्रुफं तुझ्या हातात कुणी दिली? मी. मला कुणी जबरदस्ती केली हुती का? न्हाई. मग तोटा माझा." मी म्हटलं, चार शिव्या तरी दे. तो म्हणाला, "रुमालाखाली ठरलेलं हाय. त्याचा बाजार मांडत नसतात." आणि चप्पल घालून गेला.

त्यानं शब्द पाळला. मी नव्हता पाळला. बाजारात जुने हेडी त्याला टोचायचे. एकदा माझ्यासमोरच एका म्हाताऱ्यानं विचारलं, "काय रशीदभाई, तुमच्या दौलतनं दावं बांधलं म्हनं सोसायटीला? मंग आमाला कशाला शिकवत हुता इतकी वर्सं?" रशीद हातातल्या बैलाचा जबडा उघडून दात बघत होता. "त्याला वाटलं, बांधलं," म्हणाला, आणि दात मोजत राहिला. ज्या तरुण पोरांना त्यानं ते विचार दिले होते ती पांगली. शेवटी वाकलाच, असं त्याच्याबद्दल बोललं गेलं. त्यानं परत लिहिलं नाही. हातानं लिहिलेली प्रत छापखान्यातून रद्दीत गेली होती, आणि दुसरी त्यानं केलीच नव्हती.

मैत्री तुटली नाही. ईदला मी जायचो, दिवाळीला तो यायचा. वादही व्हायचे. फक्त दौलतचं नाव निघायचं नाही.

दोन महिन्यांपूर्वी तो अंथरुणाला खिळल्याचं कळलं. या खेपेला माफी मागायचीच असं ठरवून गेलो. एस.टी.त वाक्यंही जुळवली. त्याला दिसणं जवळजवळ बंद झालं होतं, म्हणून शबाना त्याला वाचून दाखवायची. ती नेवाशाला शाळेत शिकवते. मी बसल्यावर ती म्हणाली, "काका, नवी आवृत्ती काढायची म्हणते. प्रस्तावना तुम्हीच लिहायची. शेवटचं पान मला तोंडपाठ आहे, ऐका." आणि तिनं ते म्हणून दाखवलं. माझं पान, अक्षरन् अक्षर. दौलत दावं बांधतो ते वाक्य तिनं दोनदा म्हटलं. रशीद डोळे मिटून ऐकत होता. संपल्यावर त्यानं तिला पाणी आणायला सांगितलं.

खोलीत आम्ही दोघंच होतो. मी "रशीद..." एवढं म्हणालो. त्यानं आवाजाच्या दिशेनं मान वळवली, वाट पाहिली, आणि मग म्हणाला, "तिला आवडतं ते पान." यात काय होतं? गप्प राहा, असं? की बघ, काय करून ठेवलंस, असं? मला सोयीचं होतं तेच मी घेतलं. शबाना पाणी घेऊन आली. मी प्रकृतीच्या दोन गोष्टी बोललो आणि उठलो.

हा लेख छापायला देण्याआधी मी तिच्याकडं गेलो आणि सगळं सांगितलं. ती रडली नाही, चिडलीही नाही. तिनं एवढंच विचारलं, "मग अब्बांनी काय लिहिलं होतं?" प्रकाशक केव्हाच वारला, ते जाणणारा आता मी एकटाच. म्हणून तिला सांगितलं तेच इथंही नोंदवतो. रशीदच्या कादंबरीत गाव दौलतला सोसायटीचं अध्यक्षपद देऊ करतं. तो हात जोडून नाही म्हणतो, आईला बैलगाडीत बसवतो आणि निघतो. ओढ्यावर बैलाला पाणी पाजतो. आई विचारते, "मागं बघितलंस का रं?" तो म्हणतो, "न्हाई. सगळे बरे हायेत तिथं." आणि गाडी ओढ्यापलीकडं चढते. एवढंच. भाषण नाही, राग नाही.

शबानानं मला ते पुन्हा सांगायला लावलं. तो परत येतच नाही का, असं विचारलं. नाही म्हणालो. "काका, कुठलं पान छापायचं ते आत्ता सांगत नाही," ती म्हणाली. "माझं मी ठरवते. प्रस्तावना मात्र तुम्ही लिहू नका." मी बरं म्हटलं.

रशीद, एस.टी.त जुळवलेली वाक्यं मोठी होती. त्यांत प्रकाशक होता, तुझ्या आईचं आजारपण होतं, माझे वडील होते. ती सगळी काढून टाकली तर एवढंच उरतं. तुझ्या दौलतला मी परत फिरवलं. तुला न विचारता. तुझं पान तुझ्याहून मला जास्त कळतं, असं मला वाटलं. मला माफ कर.