सांबार उगवेपर्यंत

धाकटे दीर विलास आणि जाऊ नेहा पुण्याची नोकरी सोडून साधं जगायला आले, तेव्हापासून मला टीव्ही लावावा लागत नाही. रोज काही ना काही घडतंच.

सौंसरहून मोहगावला जाताना आमचा संत्र्याचा बगीचा लागतो. विलासभाऊजींनी आल्याआल्या सांगून टाकलं, "वहिनी, वर्षभर बाजाराशिवाय राहून पाहतो. नाही जमलं तर बगीचा विकून टाकू." सासूबाईंनी त्या दिवसापासून जेवण अर्ध्यावर आणलं.

*

साधेपणा ट्रकमधून आला. मातीची भांडी, चरखा, सोलर चूल, बांबूचे ब्रश. सामान उतरवणारा म्हणाला, "दुकान टाकून राहिले का जी?"

मी म्हटलं, "नाही जी, दुकानं सोडून राहिले."

*

दळायला दगडी जातं ऑनलाइन मागवलं. कुरिअरची गाडी चिखलात फसली, तिला काढायला ट्रॅक्टर न्यावा लागला. सासूबाईंनी शांतपणे मोरीतला दगड दाखवला. त्यावर आम्ही कपडे धुतो.

"हे जातंच होय," त्या म्हणाल्या. "गिरणी आली त्या दिवशी मी पेढे वाटले होते."

*

नेहाने रविवारी मोबाईलचा उपवास धरला. शनिवारी सगळ्यांना तसा मेसेजही केला. रविवारी दुपारी माझ्याकडे आली.

"ताई, जरा तुमच्या फोनमध्ये बघता? ग्रुपवर माझ्या उपवासाबद्दल कोणी काही लिहिलंय का?"

*

बगीच्यात तण निंदायला येणाऱ्या शांताबाई नेहाला म्हणाल्या, "बाई, वाफा रिकामा कायले ठेवता? सांबार टाका."

आमच्याकडे सांबार म्हणजे कोथिंबीर. हे पुण्याला कोण सांगणार? नेहाला वाटलं, हे इथलं देशी खत असेल. तिने पातेलंभर सांबार शिजवलं आणि वाफ्यात ओतलं.

शांताबाईंनी वाकून वाफ्याचा वास घेतला. मग म्हणाल्या, "इडल्या कधी पेरता?"

नेहा हसली नाही. घरात जाऊन रडली. भाऊजींनी बगीचा घेऊ पाहणाऱ्या नागपूरच्या गिऱ्हाइकाला फोन लावला.

*

गिऱ्हाईक आलं, झाडं पाहिली, बोलणी होत आली. सासूबाई ओट्यावर पाठ करून बसल्या होत्या. शांताबाईंनी दिलेले धने पेरून नेहा वाफ्यातून उठली. हाताला माती तशीच. ती गिऱ्हाइकाला म्हणाली,

"भाऊ, आता विकता नाही येत. सांबार पेरून राहिली मी."

तो हसला. "सांबार तर महिन्याभरात निघते, मॅडम."

"मग पुन्हा पेरीन."

सासूबाई वळल्या. "नेहा, मले पोटभर जेवाले वाढ वं. इडली नसली तरी चालते."